सतरा दिवस, आपखुशीने

चष्मेवाल्यांना वीस फूट हवे होते आणि त्यांच्याकडे चौदाच होते. पुढच्या साऱ्या महाभारताचं मूळ एवढंच.

डोळे तपासायचे तर अक्षरांचा तक्ता गिऱ्हाइकापासून वीस फुटांवर टांगावा लागतो. दुकान चौदा फूट खोल. इतकी वर्षं चष्मेवाले समोर आरसा लावून काम भागवत होते, आणि गिऱ्हाइकं आधी आरशात केस नीट करून मग अक्षरं वाचत होती. दुकानाला लागून साडेतीन फूट रुंद, तेवीस फूट लांब असा बोळ होता. बोळाच्या शेवटी एक दार आणि दारामागे बुकबाइंडिंगची खोली. बोळ दुकानात घेतला की तक्त्याची सोय झाली. मात्र मग बाइंडरांना आपल्या खोलीत शिरायला खिडकीखेरीज वाट उरत नव्हती, आणि खिडकी उघडत होती मागच्या गटारावर.

बाइंडर आणि चष्मेवाले एकमेकांचे साडू. थोरली बहीण चष्मेवाल्यांकडे, धाकटी बाइंडरांकडे. बावीस वर्षांपूर्वी दोघांनी मिळून हा तळमजला घेतला, तेव्हा पुढचा भाग एकाचा, मागचा दुसऱ्याचा असं ठरलं. कागदावर बोळापुढे ‘सामाईक’ एवढा एकच शब्द होता. तेव्हा दोघांचं इतकं मेतकूट होतं, की त्या शब्दाकडे कुणी ढुंकूनही पाहिलं नाही. बावीस वर्षांनी दोघंही तोच शब्द भिंग लावून वाचू लागले.

“तुमच्याकडे दिवसाला येऊन येऊन माणसं येतात किती? चार,” चष्मेवाले म्हणाले. “माझ्याकडे चाळीस येतात.”

“तुमच्याकडे चाळीस येतात ती दिसत नाही म्हणून,” बाइंडर म्हणाले. “माझ्याकडची चार वाचणारी असतात.”

हे बोलायला नको होतं, असं बाइंडरांना त्याच संध्याकाळी वाटलं. पण सुटलेला शब्द आणि कापलेला कागद पुन्हा जोडता येत नाही, हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक?

चष्मेवाल्यांनी वकिलाला विचारलं. दिवाणी दावा टाकला तर निकाल लागेपर्यंत तुम्हालाच जाड भिंगं लागतील, असं वकील म्हणाला. दिवाणी न्यायालय गावाच्या दुसऱ्या टोकाला होतं. पोलिस ठाणं दुकानापासून तीन मिनिटांवर. शिवाय ठाण्यातल्या निम्म्या नाकांवर चष्मेवाल्यांच्याच फ्रेमा होत्या. खुद्द साहेबांचा चष्मा त्यांनी चार वेळा बदलून दिला होता. चष्मेवाले ठाण्याकडे वळले, यात त्यांचा दोष म्हणावा तर अंतराचाही म्हणावा लागेल.

मंगळवारी सकाळी हवालदार सायकल घेऊन बोळाच्या तोंडाशी आला. घंटी वाजवली.

“काका, साहेबांनी बोलावलंय. पाच मिनिटांचं काम आहे.”

बाइंडरांच्या बोटांना खळ लागलेली होती. एका शाळेच्या हजेरीपटाची जुजबंदी अर्धी शिवून झाली होती. शिवलेली पानं तशीच दाबाखाली ठेवून ते निघाले. पाच मिनिटं संपली तेव्हा संध्याकाळचे साडेसहा वाजले होते.

साहेब माणूस गोड होता. बाइंडरांना हे फार जड गेलं. शिव्या दिल्या असत्या तर निदान रागावता तरी आलं असतं. साहेबांनी त्यांना समोरची खुर्ची दिली, पाणी मागवलं आणि टंकलिखित कागद पुढे सरकवला. ‘मी आपखुशीने लिहून देतो की, सदर बोळावर माझा कोणताही हक्क नाही व यापुढे सांगणार नाही.’

“घरातला मामला आहे,” साहेब म्हणाले. “साडू-साडूंनी कोर्टात कशाला जायचं? सही करा, विषय संपला.”

“पण ही आपखुशी नाही हो साहेब.”

“येईल की. बसा बाहेर. आपखुशी येईपर्यंत बसा.”

बाहेर लाकडी बाक होता. समोर काचेच्या दाराचं कपाट, कपाटात वह्या. बाइंडर बसले. बुधवारी पुन्हा घंटी वाजली, गुरुवारीही. कुठे गुन्हा नोंदलेला नाही, कुठे तक्रार नाही, हातात कागद नाही. सकाळी दहा वाजता यायचं, बाकावर बसायचं, दुपारी एकदा साहेबांनी जाता-जाता विचारायचं, “काय काका, आली का आपखुशी?” आणि दिवे लागायच्या वेळी घरी जायचं. हवालदार बिचारा पापभीरू होता. तो म्हणायचा, “काका, माझ्यावर राग धरू नका. मी नुसती घंटी वाजवतो.”

एकसष्ट वर्षांच्या आयुष्यात बाइंडरांनी पोलिस ठाण्याची पायरी चढली नव्हती. आता गल्लीतली माणसं त्यांना पाहून आवाज खाली आणू लागली. शाळेने आपले हजेरीपट अर्धवट शिवलेलेच परत नेले, शिपाई म्हणाला, “मोठ्या बाई म्हणाल्या, तुम्ही सध्या कामात आहात.” बायकोने शेजारणींना सांगितलं, डॉक्टरांनी यांना रोज चालायला सांगितलंय. “रोज एकाच दिशेला चालतात वाटतं,” शेजारीण म्हणाली. रविवारी, सुट्टीच्या दिवशी, रस्त्यावरून कुणाची तरी सायकल घंटी वाजवत गेली आणि बाइंडरांच्या हातातली सुई पडली. ती त्यांना पुन्हा ओवता येईना. चाळीस वर्षं ज्या हातांनी न बघता सुई ओवली ते हात थरथरताना पाहून त्यांना पहिल्यांदा भीती वाटली. बोळ गेला तर गेला, हात जाऊ नयेत.

सहाव्या दिवशी ठाण्यातला कारकून कपाटातून दैनंदिनीची एक वही काढायला गेला आणि तिची पानं जमिनीवर सांडली. कारकुनाने ती गोळा केली, उलटसुलट रचली, वर सुतळी बांधली.

बाइंडर हे पाहत होते. ते बाकावरून अर्धे उठले.

“अहो, सुतळी काय बांधताय? ते काय वांग्यांचं पोतं आहे?”

“मग काय करू? वरून नवीन वह्याच येत नाहीत. बाइंडरला द्यायची सोय नाही.”

कारकून बोलून गेला आणि मग त्याला बाकावर कोण बसलंय ते आठवलं.

दुसऱ्या दिवशी बाइंडर पिशवी घेऊन गेले. पिशवीत दाभण, मेणदोरा, घड्या दाबायची हाडाची पट्टी, खळीचा डबा आणि घरात उरलेलं निळं कापड. बाकाच्या एका टोकाला ते बसले, दुसऱ्या टोकाला वह्या. पानं लावून घेतली, भोकं पाडली, शिवली, पाठीला कापड चढवलं. रिकाम्या हाताने बसणं त्यांना येतच नव्हतं. आणि खरं सांगायचं तर सुई हातात आल्यापासून थरथर थांबली होती. काम शिकवणाऱ्या उस्तादाने लावलेल्या सवयीप्रमाणे प्रत्येक वहीच्या मागच्या पुठ्ठ्याच्या आत, खालच्या कोपऱ्यात, त्यांनी पेन्सिलीने बारीक तारीख घातली आणि तारखेखाली आपली खूण, एक छोटा त्रिकोण.

परिणाम उलटा झाला. आधी त्यांना आपखुशीसाठी बोलावत होते, आता वह्यांसाठीही बोलावू लागले. हवालदार घंटी वाजवून म्हणायचा, “काका, साहेबांनी बोलावलंय. आणि कारकून म्हणाले, मोठं दाभण आणा, आज जाडी वही आहे.” शेजारच्या ठाण्याने आपलीही दोन बाडं पाठवली. रात्री अंथरुणावर पडल्यावर बाइंडरांना स्वतःची लाज वाटे. जो मारतो त्याचीच काठी आपण तासून देतोय. आणि त्या लाजेच्या तळाशी आणखी एक गोष्ट होती, जी त्यांनी बायकोलाही सांगितली नाही: इतकी सुबक बांधणी त्यांच्या हातून कित्येक वर्षांत झाली नव्हती.

अठराव्या दिवशी त्यांना ताप भरला. हवालदार आला तेव्हा बायको दारात उभी राहिली.

“आज येणार नाहीत.”

“वहिनी, साहेबांना काय सांगू?”

“सांगा, आपखुशीने आजारी पडलेत.”

त्याच दुपारी तिने नवऱ्याच्या जुन्या गिऱ्हाइकाला, एका वकीलबाईंना, गाठलं. वकीलबाईंच्या वडिलांची कायद्याची सगळी पुस्तकं बाइंडरांनी बांधली होती. त्या लहानपणी त्यांच्या खोलीत कागदाच्या कात्रणांत खेळल्या होत्या. त्या संध्याकाळी घरी आल्या, बाइंडरांच्या उशाशी बसल्या आणि सगळं ऐकून घेतलं.

“काका, बोळ कुणाचा हे दिवाणी न्यायालय ठरवील. तो खासगी वाद आहे. त्यात पोलिसांना नाक खुपसायचा अधिकार नाही. आपण वरच्या न्यायालयात अर्ज करू, संरक्षण मागू.”

“पोलिसांपासून संरक्षण? ते द्यायला कोण येणार? पोलिसच ना?”

वकीलबाई हसल्या. मग गंभीर झाल्या. “पण पुरावा काय? नोटीस नाही, नोंद नाही. तुम्ही तिथे गेलात याला साक्षीदार कोण?”

“सगळं ठाणं.”

“तेच नाही म्हणणार.”

आता इथे एक गोष्ट सांगायला हवी. नवऱ्यांचं हाडवैर सुरू झालं तरी बहिणींचं बोलणं एक दिवसही थांबलं नव्हतं. दोघी रोज सकाळी एकत्र भाजी आणायला जात, आणि धाकटीच्या पोटात काही राहत नसे. त्यामुळे अर्ज करायचं ठरल्याची बातमी दुसऱ्या दिवशी नऊला थोरलीला कळली, साडेनऊला चष्मेवाल्यांना आणि दहाला साहेबांना.

“तू सांगितलंसच कशाला ताईला?” बाइंडर तापातही ओरडले.

“ताईला नाही सांगायचं तर कुणाला सांगायचं?” बायको म्हणाली.

साहेब सावध झाले, आणि सावध माणूस करतो तेच त्यांनी केलं: गरजेपेक्षा जास्त तयारी. प्रतिज्ञापत्रात त्यांनी लिहून दिलं की, सदर अर्जदारास ठाण्यात कधीही बोलावलेलं नाही व तो ठाण्यात कधीही आलेला नाही. नुसत्या शब्दावर भागू नये म्हणून ठाण्याच्या दैनंदिनीच्या मूळ वह्याच त्यांनी न्यायालयात आणल्या. पाहा, पानन्‌पान पाहा, अर्जदाराचं नाव कुठेही नाही.

सुनावणीच्या दिवशी बाइंडर मागच्या रांगेत बसले होते. अंगात धुतलेला सदरा. साहेब पुढे, सरकारी वकिलांशेजारी. चष्मेवाले दुसऱ्या बाजूच्या भिंतीला टेकून. सरकारी वकिलांनी वह्यांचा गठ्ठा मेजावर ठेवला, आणि बाइंडरांनी वीस फुटांवरून, चष्म्याशिवाय, ते निळं कापड ओळखलं.

ते उठून पुढे गेले. शिपायाने “बसा, बसा” केलं, तरी वकीलबाईंच्या कानाशी वाकून चार शब्द बोलले. वकीलबाई एकदम सरळ झाल्या.

“महोदय, पोलिसांनी आणलेल्या वह्यांवर आमचा पूर्ण विश्वास आहे. फक्त त्या शेवटून पाहाव्यात. मागच्या पुठ्ठ्याच्या आतल्या बाजूला, खालचा कोपरा.”

न्यायमूर्ती पांढऱ्या केसांचे, कंटाळलेले गृहस्थ होते. त्यांनी पहिली वही उलटली. वाकून पाहिलं. दुसरी उलटली, तिसरी उलटली. त्यांचा कंटाळा कुठल्या कुठे गेला.

“या तारखा कसल्या? आणि हा त्रिकोण?”

“त्रिकोण अर्जदारांची खूण आहे. चाळीस वर्षं ते ती घालतात. माझ्या वडिलांच्या पुस्तकांतही आहे, सोबत आणली आहेत. तारखा अर्जात दिलेल्याच आहेत. त्या-त्या दिवशी सकाळपासून संध्याकाळपर्यंत बाकावर बसवून ठेवलं असताना अर्जदारांनी या वह्या बांधल्या.”

सरकारी वकिलांनी साहेबांकडे पाहिलं. साहेबांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

“जो माणूस ठाण्यात कधीच आला नाही,” न्यायमूर्ती म्हणाले, “त्याने ठाण्यातल्या वह्या कशा बांधल्या?”

“सूचना घेऊन सांगतो, महोदय,” सरकारी वकील म्हणाले.

पण साहेबांना दम निघाला नाही. “महोदय, तो आपखुशीने यायचा!”

“म्हणजे तो कधी आला नाही, आणि आला तेव्हा आपखुशीने आला?”

साहेबांचा चष्मा पुन्हा पुसायला निघाला.

“आपखुशीने सतरा दिवस पोलिस ठाण्यात बसणारा माणूस मी माझ्या कारकिर्दीत पाहिलेला नाही,” न्यायमूर्ती म्हणाले. “अर्जदार कुठे आहेत?”

बाइंडर उभे राहिले. न्यायमूर्ती हातातली वही मिटत म्हणाले, “बांधणी उत्तम आहे.” चाळीस वर्षांत बाइंडरांच्या कामाला मिळालेली ही पहिली सरकारी पावती.

हुकूम दीड पानाचा होता. बोळाचा वाद खासगी, दिवाणी स्वरूपाचा आहे. त्याच्याशी पोलिसांचा काडीचाही संबंध नाही. पोलिसांनी अर्जदाराला या वादासाठी बोलावू नये, बसवून ठेवू नये, त्याच्यावर सहीसाठी दडपण आणू नये. एखादा गुन्हा नोंदला गेला आणि चौकशीची गरज पडली, तरच कायद्याप्रमाणे लेखी नोटीस द्यावी. याविरुद्ध वागल्यास तो न्यायालयाचा अवमान समजला जाईल. ज्यांना बोळावर हक्क सांगायचा आहे त्यांनी दिवाणी न्यायालयात जावं.

घंटी थांबली. शाळेने हजेरीपट पुन्हा पाठवले, शिवाय दोन नकाशेही. गल्लीतल्या माणसांचे आवाज वर आले. चष्मेवाल्यांनी नाइलाजाने दिवाणी दावा टाकला, आणि त्यांना साडेचार महिन्यांनंतरची तारीख मिळाली.

इथे गोष्ट संपली असती तर बरं झालं असतं.

दोन महिन्यांनी दोघी बहिणींच्या भाचीचं लग्न निघालं. दोन्ही घरं बंद करून सगळे गेले. मांडवात दोघं साडू एकाच रांगेत, मध्ये दोन खुर्च्या सोडून बसले, आणि सगळ्या फोटोंत एकमेकांच्या विरुद्ध दिशेला पाहत राहिले. परतले तेव्हा बोळातल्या दाराचं कुलूप तुटलेलं होतं. कागद तसाच, पुठ्ठे तसेच. फक्त पितळी ठशांची लाकडी पेटी गेली होती. पुस्तकाच्या पाठीवर सोनेरी अक्षरं उठवायची ती ठशांची अख्खी बाराखडी. उस्तादाने मरताना दिलेली.

बाइंडर खोलीच्या मध्यभागी उभे राहिले. मग म्हणाले, “मी ठाण्यात जातो.” हे वाक्य आपल्या तोंडून आपखुशीने निघेल असं त्यांना स्वप्नातही वाटलं नव्हतं.

ठाण्याच्या भिंतीवर न्यायालयाचा हुकूम लॅमिनेट करून लावलेला होता. खाली एक बाई कारकुनाशी हुज्जत घालत होती. तिची सायकल शेजाऱ्याने नेली होती.

“सायकल कुणाची, हा मालकीचा प्रश्न,” कारकून हुकुमाकडे बोट दाखवत म्हणाला. “म्हणजे दिवाणी. खासगी वादात पडायची आम्हाला सक्त मनाई आहे. हे वाचा, वरच्या न्यायालयाचं आहे.”

मग त्याला बाइंडर दिसले. त्याचा चेहरा उतरला. “काका, तुम्ही? आत कशाला आलात?”

“चोरी झालीय माझ्याकडे.” तंगड्या सवयीने बाकाकडे वळल्या आणि ते टेकले.

“उठा! उठा! बसू नका तिथे!” हवालदार धावत आला. “काका, हात जोडतो. पायरीच्या खाली उभे राहा. तुम्हाला बसवलं की अवमान होतो!”

“अरे, मला कुणी बसवलं नाही. मी आपणहून बसलोय.”

“तेच तर मागच्या वेळी आम्ही सांगितलं होतं!” आतून येत साहेब म्हणाले. “कुणी ऐकलं का? काका, स्पष्टच सांगतो. आज तुम्हाला आत घेतलं, तर उद्या आम्ही आत जाऊ.”

शेवटी बाइंडर पायरीखाली आणि साहेब पायरीवर, असं बोलणं झालं.

“कुलूप कुठलं तुटलं?”

“बोळातलं.”

“बोळ वादग्रस्त आहे. दार कुणाचं, कुलूप कुणाचं, हे ठरल्याशिवाय चोरी कुणाकडे झाली हे कसं ठरवायचं?”

“पण ठसे माझे आहेत हो.”

“पावती?”

“उस्तादांनी मरताना दिले.”

“म्हणजे वारसाहक्क,” साहेब समाधानाने म्हणाले. “दिवाणी.”

बाइंडर घरी आले. रागही येत होता आणि हसूही. वकीलबाई म्हणाल्या, हुकुमात असं काहीही नाही, चोरीची तक्रार त्यांना घ्यावीच लागेल, मी उद्याच पत्र लिहिते. पत्र गेलं. ‘अर्जदाराशी संपर्क साधण्याबाबत वरिष्ठांकडून मार्गदर्शन मागविले आहे’ असं उत्तर आलं. दरम्यान धाकटीने भाजी आणताना सगळं थोरलीला सांगितलं, हे वेगळं सांगायला नको.

आठवड्याने दुपारी बोळात पावलं वाजली. दारात चष्मेवाले उभे होते. हातात लाकडी पेटी, कपाळावर घाम.

“हे तुमचंच ना?”

बाइंडरांनी पेटी घेतली. कोपरा फुटला होता. झाकण उघडलं. पितळ चमकलं.

“कुठे मिळाली?”

“भंगारवाल्याकडे. तुटक्या फ्रेमा घालायला गेलो होतो, तर तो हे वितळवायच्या ढिगात टाकत होता. त्याला म्हटलं, थांब, हात लावू नकोस, आणि तडक ठाण्यात गेलो. म्हटलं साहेब, माझ्या साडूंचा चोरीचा माल सापडलाय, चला. काय म्हणाले असतील?”

“दिवाणी.”

“साडू-साडूंचं आहे, दिवाणी आहे, म्हणे!” चष्मेवाल्यांचा आवाज चिरकला. “त्याच्या नाकावर माझा चष्मा आहे हो! नाकावर! आणि मला ओळख दाखवीना!”

बाइंडरांनी स्टूल पुढे सरकवलं. चष्मेवाले बसले. चार महिन्यांत पहिल्यांदा ते या खोलीत आले होते. दोघं ठसे लावू लागले. क-ख-ग-घ एका खणात, च-छ-ज-झ दुसऱ्या. चष्मेवाल्यांचा अक्षरांचा हात चांगला होता. बारीक ठसा उजेडाकडे धरून ते एका नजरेत ओळखत.

“सगळे आहेत का?”

“एक ‘ळ’ नाही,” बाइंडर म्हणाले.

“एका ‘ळ’वाचून काय अडतं?”

“‘बोळ’ लिहिता येणार नाही.”

चष्मेवाल्यांना हसू आलं, ते त्यांनी खोकल्यात घालवलं. उठताना दारात थबकून म्हणाले, “हे आणून दिलं म्हणून दावा मागे घेतला असं समजू नका.”

“मी कुठे म्हणालो?”

“तारीख पुढच्या महिन्यात बावीसला आहे.”

“ठाऊक आहे. बस सव्वानऊची आहे.”

बाइंडर पेटीचा फुटका कोपरा खळीने चिकटवत बसले. ज्या माणसामुळे सतरा दिवस बाकावर काढले त्याचे आभार मानायचे राहून गेले होते, आणि ते मानावेत की नाही हे त्यांना ठरवता येत नव्हतं. संध्याकाळी त्यांनी बायकोला सांगितलं, “ताईला म्हणावं, पेटी पोचली.” बायको म्हणाली, “ताईला ठाऊक आहे. तिनेच पाठवलं त्यांना भंगारवाल्याकडे. आधी तीन दुकानं धुंडाळली त्यांनी.”

त्यानंतर एक व्यवस्था आपोआप लागली. सकाळी दहा ते एक चष्मेवाले आपला तक्ता बाइंडरांच्या दारावर बाहेरून टांगतात. गिऱ्हाईक बोळाच्या तोंडाशी खुर्चीवर बसतं, बरोबर वीस फुटांवर. तेवढा वेळ बाइंडर दार उघडत नाहीत. उघडायचंच झालं तर आतून दोनदा टकटक करतात. एक वाजल्यानंतर तक्ता निघतो. दोघांच्याही वकिलांनी डोक्याला हात लावला. हे कागदावर आणू नका, दोन्ही बाजू कमकुवत होतील, असं दोघांनीही बजावलं. म्हणून ते कागदावर नाही.

बावीस तारखेला दोघं साडू सव्वानऊच्या बसने गेले. एकाच बाकावर बसले, कारण दुसरा रिकामा नव्हता. दुपारी तीनला पुकारा झाला. न्यायाधीशांनी फाइल चाळली आणि विचारलं, “जवळचे नातेवाईक दिसता. तडजोडीची काही शक्यता?”

“नाही,” दोघं एकदमच म्हणाले.

“सध्या बोळाचा वापर कोण करतं?”

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. दोन्ही वकिलांनी छताकडे पाहिलं.

“वाद चालू आहे, साहेब,” चष्मेवाले म्हणाले.

“हो, जोरात चालू आहे,” बाइंडर म्हणाले.

न्यायाधीशांनी सात महिन्यांनंतरची तारीख दिली. बाहेर आल्यावर चष्मेवाल्यांनी ती डायरीत टिपून घेतली. डायरीची पाठ उसवली होती, पानं सुटत होती. बाइंडरांनी ती त्यांच्या हातातून काढून घेतली, उलटसुलट पाहिली आणि आपल्या पिशवीत टाकली.

“अहो, तारीख आहे त्यात!”

“माझ्या लक्षात आहे,” बाइंडर म्हणाले. “चला, पावणेचारची बस चुकेल.”